सोडलेला कोपरा

शनिवारी सकाळी बाबा वावरातून परतले ते चपला हातात घेऊन. चिखल नव्हता, नोव्हेंबरात धानाची बांधी कोरडी असते. चपला हातात का घेतल्या हे त्यांनाही सांगता आलं नाही. ओट्यावर बसले आणि म्हणाले, "कोपरा गेला."

"गेला म्हंजे?" आई आतून म्हणाली.

"कापला. धुऱ्यापर्यंत साफ कापला. एक लोंबी उभी नाई ठेवली."

देवेंद्रकाका बशीत चहा ओतत होते, त्यांचा हात थांबला. आदल्या दिवशी बाबा चर्चच्या रंगकामात अडकले होते आणि धान कापायला मजूर मिळत नव्हते. म्हणून काकांनी कोहमाऱ्याच्या ढाब्यावर मुक्काम ठोकून बसलेला पंजाबचा हार्वेस्टर आणला होता. काका गोंदियात राहतात, नोकरीतून निवृत्त झालेत. वर्षातून चार दिवस गावी येतात आणि त्या चार दिवसांत गावाचा कारभार सुधारून जातात.

"पन दादा," काका म्हणाले, "कापाले सांगतलं तं पूरा कापनारच ना."

आता हे कोपऱ्याचं प्रकरण. आमच्या घराण्याला गावात 'कोपरेवाले' म्हणतात आणि आम्हाला ते आवडतं. आमचे आजोबा उमराव हे आमच्यातले पहिले वाचता येणारे ख्रिस्ती. शास्त्र वाचताना मोशेने यहुद्यांना घालून दिलेला एक नियम त्यांच्या मनात बसला. कापणी करताना वावराचा कोपरा सोडून द्यायचा, खाली पडलेला सरवा वेचायचा नाही, ते गरिबाचं आणि परक्याचं. दूर देशी गव्हाला आणि जवाला लावलेला हा नियम आजोबांनी झाडीपट्टीतल्या धानाला लावला. त्याला त्यांनी येशूचं सांगणं जोडलं, की दान करताना गाजावाजा करू नये. म्हणून घरात दुसरा नियम झाला. धान कापलं की मालकाने एकदा कोपरा उभा आहे ना ते पाहून यायचं आणि मग तो रिकामा होईपर्यंत घरातल्या कोणी तिकडं फिरकायचं नाही. कोणी नेला हे विचारायचं नाही.

आम्ही गाजावाजा कधीच केला नाही. फक्त दरवर्षी हंगामाच्या उपासनेत बाबा मंडळीपुढं उभे राहून साक्ष देतात, की आमच्या घरी गाजावाजा करत नाहीत. चर्चच्या पंख्यावरही आमचं नाव आहे, तिन्ही पात्यांवर. फिरता पंखा वाचता येत नाही म्हणून कोपरेवाले उकाड्यातही पंखा लावू देत नाहीत, असं लोक बोलतात. ही अतिशयोक्ती आहे. फक्त काका लावू देत नाहीत.

"उद्याच्या उपासनेत मी काय सांगू?" बाबा म्हणाले. "पाळकसाहेबानं पत्रिकेत छापलं आहे. 'केशोराव यांची साक्ष.' कोपऱ्याबद्दल."

काकांच्या मनात त्या वेळी काय चाललं होतं ते सांगते. मला कसं ठाऊक, असं विचारू नका. आमच्या घरात कोणाच्याच मनात काही राहत नाही. झालं होतं असं, की हार्वेस्टरला काटकोनात वळता येत नाही. वळताना त्याने बांधीच्या टोकाला चांगला मोठा तुकडा उभा ठेवला होता. काकांना तो मशीनचा आळस वाटला. भाडं पूर्ण द्यायचं आणि काम अर्धवट घ्यायचं? त्यांनी मशीनवाल्यांना खाली उतरवलं आणि विळ्याने तेवढं कापून घेतलं. घराण्याचा कोपरा तो हाच, हे त्यांच्या ध्यानीमनीही आलं नाही. कारण एवढा मोठा कोपरा त्यांनी आमच्या वावरात कैक वर्षांत पाहिला नव्हता.

आजोबांच्या काळी कोपरा मोठा होता म्हणतात. बाबांच्या हाती वावर आल्यावर धुरा, म्हणजे बांध, सरळ करताना त्यातला थोडा गेला. ट्रॅक्टर वळवायला थोडा गेला. खत महागलं त्या वर्षी थोडा, ते स्वस्त झालं त्या वर्षीही थोडा. गेल्या वर्षी कोपऱ्यावर सतरंजी अंथरली असती तर तो झाकला गेला असता. साक्ष मात्र दरवर्षी लांबत गेली. मोशेचं नावही न ऐकलेल्या मशीनने नुसतं वळता येत नाही म्हणून आमच्याहून मोठं दान सोडलं होतं, आणि तेही आम्ही विळा लावून परत घेतलं.

"जवाईबापू," बाबांनी यूनुसकडं पाहिलं, "तुमच्यात धानाचं कसं करतेत?"

यूनुस माझा नवरा. त्याचं गोंदियात मोटारपंप दुरुस्तीचं दुकान आहे. आमच्या लग्नावरून दोन्ही घरांत वर्षभर वाद झाले आणि एकमत झालं ते एकाच गोष्टीवर, की दोन्हीकडं भेटल्यावर 'सलाम' म्हणतात.

"उश्र रहता है, बाबाजी," यूनुस म्हणाला. "बारिश के पानी पर पिका तो दसवा हिस्सा. मेहनतीनं पानी दिलं तर विसावा."

काकांनी मान वर केली. "आपल्याकडं तं बोडी आहे. बोडीचं पानी म्हंजे मेहनतीचंच."

"बोडी मामंजीनं खोदली," आई म्हणाली. "तुमी नाई."

"खोदली तं खोदली. मेहनत घरातलीच ना, वहिनी." विसावा हिस्सा ऐकून काकांना त्या क्षणी इस्लाम फार पटला होता.

मग काकांनीच तोडगा काढला. दोन पोती धान नेऊन कोपऱ्यात ठेवायचं, न्यायचं त्याने न्यावं.

"आन चोरून नेलं तं?" बाबा म्हणाले.

"ले जाने के लिए ही तो रख रहे हैं," यूनुस म्हणाला. "चोरीत आन याच्यात काय फरक राहिला?"

यावर बाबांनी पोत्यांचा बेत सोडला. मग म्हणाले, "ज्याचा कोपरा बुडला त्याच्या घरीच नेऊन देऊ. कोन नेत होतं?"

कोणालाच ठाऊक नव्हतं. तीन पिढ्या आम्ही अभिमानाने ठाऊक करून घेतलं नव्हतं. बाबा आणि काका गावातले गरीब आठवू लागले. एकाच्या पोराने जेसीबी घेतला होता. एक तर आता आमच्यापेक्षा बऱ्या घरात राहत होता. बाकीच्यांना राशनचा तांदूळ मिळत होता. खाली वाकून विळ्याने धान कापायला येईल असा माणूस काही सापडेना. एका नावावर दोघांचं एकमत झालं तर तो मेलेला निघाला.

आई उठून चुलीकडं गेली. तिला ठाऊक होतं. तिला कधीपासून ठाऊक होतं ते तिने मला पुष्कळ नंतर सांगितलं. त्या बांधीत आम्ही चिन्नोर लावतो. गावात बाकी सगळ्यांनी संकरित धान धरलं, चिन्नोर फक्त आमचं. शिजताना त्याचा वास दारापर्यंत येतो. आणि दर नाताळच्या सकाळी शामकला आत्याबाईंकडून खिरीचा डबा येतो, त्याचं झाकण काढलं की तोच वास. आई एकही शब्द बोलली नव्हती. बोललं तर खीर यायची थांबेल आणि आत्याबाईंचं कोपऱ्यावर जाणंही थांबेल, हे तिला कळत होतं. आम्हाला बाकीच्यांना एवढंच कळत होतं, की खिरीचा डबा दरवर्षी लहान येतो. आत्याबाईंचा हात वयानुसार आखडत चाललाय, असं आम्ही म्हणायचो, वाटी चाटूनपुसून झाल्यावर.

आत्याबाई दुपारी आल्या. बाबांच्या पाठची, काकांच्या आधीची बहीण. नवरा वारल्यावर त्या माहेरच्या गावी आल्या, पण माहेरच्या घरी नाही. गावाच्या टोकाला दोन खोल्यांत राहतात, शिवणकाम करतात, रविवारी पोरांना शास्त्रातल्या गोष्टी शिकवतात. कोणाकडून काही घेत नाहीत. चहासुद्धा आमच्याकडं अर्धाच घेतात.

हंगामाच्या उपासनेला वेदी सजवायचं काम त्यांचं. झेंडूची टोपली कमरेवर घेऊन दारात उभं राहत त्या म्हणाल्या, "दादा, माळेत घालाले लोंब्या कुठून आनाच्या? कोपऱ्यात तं एकबी नाई."

कापणीनंतर कोपऱ्याकडं दोनच माणसं जातात. एक मालक, तो उभा आहे का ते बघायला. दुसरा, तो न्यायला.

आत्याबाईंना बोलल्यावर कळलं आपण काय बोललो ते. टोपली खाली ठेवताना त्यांना आधी लाज वाटली. मग लाज आपल्याला वाटली याचा राग आला. सकाळी त्या विळा आणि चादर घेऊन तिथं गेल्या होत्या, आणि बोडकी बांधी बघून थोडा वेळ धुऱ्यावर नुसत्या बसून राहिल्या होत्या. त्यांना वाटलं होतं, भावांना कळलं म्हणून त्यांनी मुद्दाम कापून घेतलं.

"बाई, बसा," आई लगबगीने म्हणाली. "चाय मांडतो."

आईने सावरलं असतं, पण काका मध्ये होते. "बाई, तूच नेतेस का कोपरा?"

"मंग कोन नेईन?"

"तू काऊन?" बाबा म्हणाले. "तो गरिबासाठी असते."

"मी शिरीमंत आहो का?"

बाबांनी अजून न घातलेल्या चपलांकडं पाहिलं. "आमाले सांगाचं तं होतं, शामा."

"इचाराचं नाई, हा तुमचा नियम ना. मंग सांगाचं नाई, हा माहा."

"मांगतली असतीस तं पोतं घरी पाठवलं असतं."

"म्हनूनच नाई मांगतली." आत्याबाई खाली बसल्या. त्यांचा आवाज चढला नव्हता. "पोत्याले देनारा असते, दादा. गाडीवरून उतरवतानी गल्ली पाह्यते. उद्या तुमी साक्ष द्याल. उभं धान कोनी देत नाई, कोनी घेत नाई. आपल्या बाबाचे डोये गेले तवा त्यायले शास्त्र मीच वाचून दाखवत होतो. कोपरा मालकाचा नसतेच, हे तिथंच लिहून आहे. तो सोडला म्हनून तुमी काही देत नाई. जे तुमचं नाई ते ठेवत नाई, एवढंच."

"पन तुले पुरत होतं का त्यात?" काकांनी विचारलं.

"पहिले वर्षभर पुरत होतं. मंग होळीपर्यंत. आता खिरीपुरतं निंगते."

खिरीपुरतं. मी काकांकडं पाहिलं, काका बाबांकडं पाहत होते, बाबा आईकडं. आई चहाच्या भांड्याकडं पाहत होती. गेल्या नाताळला डबा बघून 'एवढीशी?' असं म्हणणारी मी होते.

"वावराच्या हक्कसोडीवर सही केली त्या दिवशी तुमी साडी देल्ली होती," आत्याबाई उठत म्हणाल्या. "चांगली साडी होती. अजून आहे." टोपली कमरेवर घेऊन त्या गेल्या. अर्धा चहाही राहिला.

त्या गेल्यावर घरात दोन पक्ष पडले. काकांचं म्हणणं, दरवर्षी एक पोतं गुपचूप तिच्या दारात ठेवावं. आई म्हणाली, ती तेच पोतं उचलून तुमच्या दारात आणून टाकेल, आणि गुपचूप टाकणार नाही. बाबा कोणत्याच पक्षात नव्हते, म्हणून दोघं त्यांच्यावरच चिडले.

शेवटी काकांनी यूनुसला आपल्याकडं ओढायचा प्रयत्न केला. "जवाई, तुमच्यात बहिनीले जकात चालते ना?"

"चलती है. गरीब बहन का हक पहले. आन जकात आहे हे सांगायचीबी गरज नाही, इज्जत राहते." काका खुलले. यूनुस पुढं म्हणाला, "पर चाचा, जो हिस्सा उसका अपना है, वो दबाके उसको जकात नहीं दे सकते. तिचंच तिला देणं, ते दान कसं होईल? बाप की जमीन में बेटी का हिस्सा हमारे यहाँ लिखा हुआ है."

हे तो फार छान बोलला. मी त्याच्याकडं पाहिलं. त्याच्या स्वतःच्या बहिणींच्या हिश्श्याची बैठक गेली तीन वर्षं ईदनंतर ठरते आहे. माझी नजर कळून तो म्हणाला, "लिखा हुआ है, बस उतना बोला मैं," आणि बाहेर मोटारसायकल पुसायला गेला. आई हसली. त्या दिवसात घरातलं ते एकटंच हसू.

रविवारी चर्च भरलं होतं. वेदीपुढं भोपळे, ऊस, कोंबडा बांधलेली टोपली आणि झेंडूची माळ, लोंब्यांशिवाय. आत्याबाई पोरांना घेऊन पुढच्या रांगेत बसल्या होत्या. पाळकसाहेबांनी नाव पुकारलं तेव्हा बाबा उठले. ते सगळं सांगून टाकतील अशी मला भीती वाटली. भर मंडळीत बहिणीची गरिबी आणि आपला पश्चात्ताप दोन्ही मांडून, रडून, सगळ्यांना रडवून मोकळे होतील. बाबांना ते छान जमतं. त्यांना स्वतःलाही तसंच वाटत होतं, पहिलं वाक्य ओठावर आलं होतं. मग त्यांची नजर आत्याबाईंवर गेली. त्या त्यांच्याकडं पाहत नव्हत्या. मांडीवरच्या पोराच्या शर्टाचं बटण लावत होत्या, पण हात थांबला होता.

"यंदा आमच्या घरून सांगासारखं काही नाई," बाबा म्हणाले आणि बसले.

पाळकसाहेब गोंधळले. मग त्यांनी नम्रतेवर लांब प्रार्थना केली. बाहेर पडताना लोकांनी काकांचे हात धरून कोपरेवाल्यांच्या नम्रतेचं कौतुक केलं आणि काकांनी ते घेतलं.

आत्याबाई जेवणाला थांबल्या नाहीत. त्या कुठं गेल्या हे बाबांनी विचारलं नाही, सरळ वावराकडं चालू लागले. त्यांच्यामागे आम्ही सगळे, उपासनेच्या कपड्यांत, धुऱ्यावरून एकामागे एक. जिथं फिरकायचं नाही तिथं अख्खं घराणं निघालं होतं.

आत्याबाई बांधीत होत्या. चांगली साडी वर खोचून, हातात झाडणी आणि सूप घेऊन. मशीनने सांडलेलं धान त्या मातीतून गोळा करत होत्या. आम्हाला पाहून त्यांनी काम थांबवलं नाही. सरवाही गरिबाचाच असतो, तो वेचायला कोणाची परवानगी लागत नाही.

मला तिथून पळून जावंसं वाटलं. बाबांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं आणि ते दाखवायला या वेळी मंडळी नव्हती.

"शामा," बाबा म्हणाले, "आपल्या बाबाचा कोपरा कुठपर्यंत होता?"

आत्याबाईंनी सूप ठेवलं. बाबांकडं नीट पाहिलं, हा माणूस खरंच विचारतोय का ते बघायला. मग त्या बांधीच्या टोकापासून धुऱ्याच्या कडेकडेने चालू लागल्या. आमची सतरंजीएवढी जागा तर लगेच मागं पडली. मशीनने सोडलेला तुकडाही मागं पडला. आत्याबाई चालतच होत्या. काकांची चुळबुळ सुरू झाली. धुऱ्यावरच्या मोहाच्या झाडाखाली जाऊन त्या थांबल्या.

"बाई," काका म्हणाले, "तो मोह तं बांधीच्या निम्म्यात आहे."

"मोह जाग्यावरच आहे, देवेंदर. कोपरा सरकला."

आजोबांचा कोपरा खरंच तिथपर्यंत होता का, हे सांगू शकेल असं आता कोणी नाही. बाबा मात्र लहानपणी त्या झाडाखाली मोहफुलं वेचत, आणि झाडाखालचं राखलेलं धान कापलं म्हणून आजोबांचा मार खाल्ल्याचं त्यांना आठवलं. तसं ते मोठ्याने बोललेही. काकांनी एकदा अख्ख्या बांधीकडं पाहिलं, एकदा आईकडं. आईने पदर कमरेला खोचला होता. ती कोणाच्या बाजूने आहे हे विचारायची गरज नव्हती.

मग आम्हाला कोणालाच अपेक्षित नव्हतं ते काकांनी केलं. पुरलेल्या दगडाची खूण म्हणून मशीनवाल्यांनी लाल चिंधी बांधून रोवलेली एक बांबूची काठी बांधीत होती. काकांनी ती उपटली आणि पॉलिश केलेल्या बुटांनी ढेकळं तुडवत जाऊन मोहाच्या बुडाशी रोवली. काठी वाकडी गेली, तर परत काढून सरळ रोवली.

"उद्या अर्जुनीले तहसिलीत जाऊ," बाबा म्हणाले. "इथपर्यंत तुहं नाव चढवू. पुढच्या हंगामात तू पेर."

"दान म्हनून?"

"नाई. हिस्सा म्हनून."

"मंग चालते." आत्याबाईंनी काठी हलवून पाहिली, घट्ट आहे ना म्हणून. त्यांना काय वाटत होतं ते त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट होतं. त्या खूश होत्या, आणि एवढा उशीर झाल्याबद्दल चिडलेल्याही होत्या. मग एकदम काहीतरी आठवल्यासारखं त्या थांबल्या.

"पन मंग मलेही कोपरा सोडा लागन ना."

"सोडजो," बाबा म्हणाले.

"कोनी नेला ते मी इचारनार नाई."

"नको इचारू."

"केवढा सोडशीन?" काकांनी विचारलं.

आत्याबाईंनी बांधीच्या टोकाकडं, आमच्या सतरंजीएवढ्या जागेकडं पाहिलं. मग डोक्यावरचा पदर सारखा केला.

"तुमच्यापेक्षा मोठा," त्या म्हणाल्या. "आन पुढच्या वर्षी साक्ष मी देईन."